हुंकारबेट: सातवीच्या वर्गातलं एक प्रकरण

वाळवा तालुक्यातल्या नदीकाठच्या एका प्राथमिक शाळेत मी शिकवते. २०२२-२३ सालच्या सातवीच्या वर्गानं पाच महिने एक बेट रचलं. माणसं जशी वागतील तशी त्या बेटावरची जमीन बदलायची. जानेवारीत या खेळात एक प्रसंग घडला आणि एका मुलीनं साडेतीन वर्षं पोटात ठेवलेली गोष्ट बाहेर आली. मुलांबरोबर असे खेळ खेळणाऱ्या शिक्षकांच्या उपयोगी पडेल म्हणून तो प्रसंग मागच्यापुढच्यासकट लिहिते आहे. त्यात माझ्या चुका आहेत. त्या वगळल्या तर प्रकरण कळणार नाही. मुलीचं आणि गावाचं नाव देत नाही. तीन भावंडांत ती मोठी, म्हणून इथं तिला थोरली म्हणते.

बेट कुठून आलं

दिवाळीच्या सुट्टीनंतर वर्गाची सहल बाहे गावच्या रामलिंग बेटावर नेली होती. कृष्णा तिथं दुभंगते आणि मधे देऊळ राहतं. समर्थ रामदासांच्या अकरा मारुतींपैकी एक इथला. गावाच्या नावाची गोष्ट सगळ्यांना ठाऊक असते: राम इथं लिंगाच्या पूजेला बसले, नदीला पूर आला, तेव्हा मारुतीनं दोन्ही बाहू पसरून पाणी थोपवलं. नदी दोन धारांनी बाजूनं गेली आणि बाहूंवरून बाहे झालं. मुलांनी ही गोष्ट घरी दहा वेळा ऐकलेली. पण त्या दिवशी डबे सोडून बसल्यावर एक मुलगा म्हणाला, "बाई, म्हणजे पूजा चालू आहे हे नदीला कळलं की नाही?" दुसरा म्हणाला, "नदीला नाही, मारुतीला कळलं." यावर अर्धा तास वाद झाला. परतीच्या एसटीतसुद्धा तोच वाद.

दुसऱ्या दिवशी मी सहा ड्रॉइंग शीट खळीनं जोडून मागच्या भिंतीवर लावले आणि सांगितलं, चला, असं एक बेट करू, ज्याला सगळं कळतं. नाव एका मुलीनं सुचवलं. तिची आजी गोष्ट सांगताना मधेमधे थांबते. ऐकणाऱ्यानं "हुं" म्हटलं नाही तर पुढं सांगतच नाही. "तसं आपण काही केलं की बेट हुं म्हणणार," ती म्हणाली. हुंकारबेट हे नाव ठरलं.

मग नियम. ते मुलांनी केले, मी फक्त फळ्यावर उतरवले. कुणी रडलं की तिथं झरा फुटतो. कुणी खोटं बोललं की किनारा एक वीत खचतो. आळस केला की वाटेवर गवत माजतं. दोघांचं भांडण झालं की त्यांच्या घरांमधे दरी पडते. समेट झाला तरी ती दरी बुजत नाही, तिच्यावर साकव होतो. हा शेवटचा नियम मला आजही फार आवडतो. बारा वर्षांच्या मुलांना एवढं कळतं, याचं मला तेव्हा भरून आलं होतं. महिन्याभरात नकाशावर अकरा साकव झाले. प्रत्येकाखाली दोन नावं आणि भांडणाची तारीख होती.

शेजारी एक वही टांगली होती. आज बेटावर काय झालं ते ज्याला वाटेल त्यानं त्यात लिहायचं.

डिसेंबरात एका मुलानं आणखी एक नियम आणला. घरात वाईट बोलू नये, कारण वास्तू "तथास्तु" म्हणत असते, हे आपल्याकडं सगळीच मुलं ऐकत मोठी होतात. तो म्हणाला, बेटही वास्तूसारखंच, तेही तथास्तु म्हणणार. चांगलं बोललं तर चांगलं होईल, अभद्र बोललं तर तेच खरं होईल. वर्गानं टाळ्या वाजवल्या आणि मीही शाबासकी दिली. आपल्या घरातली समजूत मुलांनी खेळात आणली, भाषेतून आणली, याचा मला आनंद झाला. नियम फळ्यावर ठळक अक्षरात लिहिला. ही माझी पहिली चूक. ती चूक आहे हे कळायला मला महिना लागला.

निळा रंग

थोरली तोवर खेळात सगळ्यांच्या पुढं होती. या नियमानंतर ती नकाशापाशी येईना. मधल्या सुट्टीत बाकड्यावर बसून राहायची. विचारलं तर म्हणायची, डोकं दुखतंय. मी फार लक्ष दिलं नाही.

जानेवारीच्या दुसऱ्या आठवड्यात सकाळी वर्ग उघडला तर अख्ख्या बेटावर निळा रंग ओतलेला. डोंगर, वाटा, अकरा साकव, सगळं निळ्याखाली. थोरलीच्या हाताला रंग होता आणि तिनं तो लपवलाही नाही. मुलं तिच्यावर तुटून पडली. दोन मुली रडायला लागल्या. मी थोरलीला सगळ्यांसमोर विचारलं, असं का केलंस? ती गप्प. मी म्हणाले, उद्या आईला घेऊन ये. ही दुसरी चूक.

संध्याकाळी वर्ग बंद करताना वही उघडली. शेवटच्या पानावर तिचं अक्षर: "बेटावरच्या एका मुलीनं घर बुडू दे म्हटलं. बेट बुडलं. आता खेळ संपला."

दुसऱ्या दिवशी आईला आणू नकोस असं मीच सांगितलं. पोषण आहाराच्या वेळी तिला घेऊन व्हरांड्यात बसले. बराच वेळ ताटातली खिचडी चिवडत बसली. मग एकदम सगळं बोलली.

२०१९ च्या जुलैत ती चौथीत होती. धाकट्या भावाला नवं दप्तर आलं आणि तिचं जुनंच शिवून मिळालं. तिन्हीसांजेला ती रागानं ओरडली, "बुडू दे हे घर!" आजी म्हणाली, "अभद्र बोलू नगं. वास्तू तथास्तु म्हणती." ऑगस्टच्या पहिल्या आठवड्यात कृष्णेचं पाणी गावात शिरलं. बायकांनी पाण्याच्या कडेला जाऊन खणानारळानं नदीची ओटी भरली, आजीनंही भरली. पाणी चढतच राहिलं. यांच्या घराची मागची भिंत बसली. रेडकू सुटलं नाही, ते गेलं.

"आज्जीनं ओटी भरली तरी कृष्णामाईनं तिचं ऐकलं नाही," थोरली म्हणाली, "कारण माझं आधी ऐकलं होतं."

तो पूर आमच्या भागातल्या कुणाला सांगायला नको. सांगलीच्या आयर्विन पुलापाशी ४० फुटांवर इशारा पातळी, ४५ वर धोका पातळी. त्या वर्षी पाणी ५७ फुटांच्या वर गेलं. २००५ चा पूर बघितलेली म्हातारी माणसंसुद्धा घरात थांबली, कारण तेव्हा इथवर आलं नव्हतं. २०२१ मधे पुन्हा पूर आला. पुरानंतर आम्ही शाळेत गाळ काढला, वह्या वाटल्या, मुलांकडून पुराची चित्रं काढून घेतली. एका मुलीला वाटतंय की हे तिनं केलं, ही शक्यता माझ्या मनात कधीच आली नाही.

मी तिला जवळ घेतलं आणि म्हणाले, "अगं वेडे, असं काही नसतं. बोलल्यानं कुठं पूर येतो?" तिनं मान हलवली आणि नजर दुसरीकडं वळवली. तिला पटलेलं नाही हे मला दिसत होतं. पटावं तरी कसं? महिनाभर मीच फळ्यापाशी उभी राहून, बोललेलं खरं करणाऱ्या जमिनीचं कौतुक करत होते.

त्या रात्री मी खूप विचार केला. तिच्याकडं पुराचं एक कारण होतं. भयंकर होतं, पण कारण होतं. मी ते काढून घ्यायला निघाले होते आणि त्या जागी ठेवायला माझ्याकडं "असं काही नसतं" एवढंच होतं. नऊ वर्षांच्या मुलीनं घराची भिंत बसताना बघितली असेल, तर "असं काही नसतं" हे तिला उत्तर वाटणार नाही.

नियम बदलायचा कुणी

दुसऱ्या दिवशी मी वर्गात जाहीर केलं की तथास्तुचा नियम रद्द. वर्ग तयार होईना. ज्या मुलानं तो आणला होता तो म्हणाला, "बाई, नियम आमचे आहेत असं तुम्हीच म्हणाला होता." बरोबर होतं त्याचं. थोरलीची गोष्ट मी वर्गाला सांगू शकत नव्हते, तिची परवानगी नव्हती. नियम तसाच राहिला आणि निळा नकाशाही भिंतीवर तसाच राहिला. दोन आठवडे त्याच्याकडं कुणी गेलं नाही.

वाट निघाली ती भूगोलाच्या तासाला, मातीच्या पाठात. आमच्याकडं क्षारपड जमीन शिकवायला पुस्तक लागत नाही, रस्त्यानं जाताना दिसते. वर्गातल्या एका मुलाच्या आजोबांचं रान तसं झालेलं. सगळे त्यांना आबा म्हणतात. ते म्हणाले, पोरांना घेऊन या, दाखवतो.

आबांचं रान

फेब्रुवारीतल्या एका शनिवारी गेलो. रानाचा वरचा तुकडा उसानं हिरवागार होता. खालच्या तुकड्यावर मीठ भुरभुरावं तसा पांढरा थर होता आणि ओढ्याच्या बाजूला पाणकणीस माजलेलं. आबांनी कुदळीनं खड्डा घेतला. गुडघाभर खोल गेले नसतील तोच तळाला पाणी झिरपायला लागलं. मुलं खाली वाकून बघत होती. पाऊस जाऊन चार महिने झाले होते, मग हे पाणी कुठलं?

आबांनी सांगितलेलं मी शाळेच्या भाषेत लिहिते. त्यांच्या वडिलांच्या काळात मोट होती, पाणी बेताचं. मग नदीवरून उपसा योजना आली, वीज आली, ऊस आला. खोडवा निघाला की पुन्हा लागण, उसावर ऊस. पाट फोडून मोकळं पाणी सोडायचं, वीज रात्रीची असेल तर मोटर चालू करून झोपायचं. काळ्या भारी जमिनीतून पाण्याचा निचरा लवकर होत नाही. खालची पातळी दर वर्षी थोडी वर येते. पाणी वर येताना जमिनीतले क्षार सोबत आणतं, उन्हानं पाणी उडून जातं आणि क्षार वरच राहतात. पंधरा-वीस वर्षं काहीच दिसत नाही. मग एका साली लागणीचे कोंब येत नाहीत.

"म्हणजे रानानं तुम्हाला शिक्षा केली?" तथास्तुवाल्यानं विचारलं.

आबा हसले नाहीत. "शिक्षा कशाची रं? रानाला कान न्हाईत. रानाला पोट हाय. काय बोललासा ते त्येला कळत न्हाई. काय घातलंसा तेवढं कळतं." मग वरच्या उसाकडं हात करून म्हणाले, "आन बग, ह्या खालच्या तुकड्याला मी पाणी कमीच देत हुतो. वरल्या रानाचं पाणी उतरून हितं आलं. घातलं तिकडं, निघालं हिकडं."

थोरली खड्ड्याच्या कडेला उकिडवी बसली होती. तिनं पहिल्यांदा तोंड उघडलं. "मग ज्याचं पाप नाही त्याचंच रान गेलं?"

"पाप कशाला म्हणती बाय," आबा म्हणाले. "उताराचं रान हाय माजं."

आबांनी मग निचऱ्याचं काम दाखवलं. चर खणून, भोकं पाडलेले पाईप पुरून ते ओढ्याला जोडलेले. पावसाच्या पाण्यानं क्षार धुऊन त्यांतून जातात. एका सालात होत नाही, दोन-तीन सालं जातात. मधे ताग, धैंचा घेऊन रानात गाडायचा. एका कोपऱ्यात गव्हाची हिरवी पट्टी होती. तिच्याकडं बघताना आबांचा चेहरा बदलला. मुलांनी तो बघितला आणि मीही बघितला.

सोमवारचा वाद

सोमवारी मी काही म्हणायच्या आत वर्ग नकाशापाशी जमला. निळा रंग वाळून भेगाळला होता. तथास्तुवालाच म्हणाला, "माझा नियम चुकला. बेटाला कान नाहीत." लगेच दुसऱ्यानं विचारलं, मग हुंकारबेट कसं? कान नसताना हुं कोण म्हणणार?

हा वाद चार दिवस चालला, आणि माझ्या मते या पाच महिन्यांतलं सर्वांत मोलाचं काम त्या चार दिवसांत झालं. शेवटी नावाची मालकीणच उठली. "आज्जी गोष्ट सांगते तेव्हा आपण हुं म्हणतो," ती म्हणाली, "म्हणजे पोचलं एवढंच. ती मागेल ते आपण देतो असं थोडंच?" फळ्यावर दोन शब्द शेजारीशेजारी लिहिले गेले: हुं आणि तथास्तु. बेट हुं म्हणतं, तथास्तु म्हणत नाही. आणि हुं म्हणतं तेही केलेल्या गोष्टीला, बोललेल्याला नाही. उशिरा म्हणतं. कधी कधी भलत्याच माणसाच्या अंगणात म्हणतं.

खोटं बोलल्यावर किनारा खचण्याचा नियम त्यामुळं गेला. रडण्याचा झरा मात्र मुलांनी ठेवला. का, विचारलं तर म्हणाली, रडताना खरंच पाणी येतं की. भांडणाचे साकवही ठेवले, कारण साकव माणसं बांधतात. मी आडवं गेले नाही.

एका हुशार पोरानं कोयनेचा भूकंप काढला. त्याचं आजोळ पाटण तालुक्यातलं. ११ डिसेंबर १९६७ च्या पहाटेचा धक्का त्याच्या पणजीनं बघितलेला. धरण भरल्यावर भूकंप व्हायला लागले म्हणतात, मग ती जमीन रागावली की नाही? मी जमेल तसं सांगितलं: जमिनीत भेगा आधीपासून असतात, जलाशयाचा भार पडतो, पाणी भेगांत उतरतं, ताण सुटतो. पावसाळ्यात जलाशय भरल्यावर आणि पुढं पाणी उतरताना तिथले छोटे धक्के वाढतात हे मोजलेलं आहे. "म्हणजे हेही पोटाचंच," तो म्हणाला आणि खाली बसला.

आता पुराचं राहिलं होतं. तो विषय मी काढला नाही, थोरलीनंच काढला. नकाशावर बोट ठेवून म्हणाली, "हे पाणी बेटानं आणलं नाही असं धरलं, तर कुठून आलं ते काढू या."

मग जिल्ह्याचे नकाशे जोडले. महाबळेश्वरातून कृष्णा, कराडला प्रीतिसंगमावर कोयना येऊन मिळते, सांगलीच्या खाली हरिपूरला वारणा मिळते. त्या आठवड्यात घाटावर सगळीकडं एकदमच पाऊस झाला, धरणं भरली, त्यांतून पाणी सोडावं लागलं. खाली वारणा भरलेली असली की कृष्णेला पुढं सरकायला वाव राहत नाही, पाणी मागं तुंबतं. कोयनेचा साठा साधारण १०५ टीएमसी. टीएमसी म्हणजे काय, एकानं विचारलं. १०० कोटी घनफूट. डोळ्यांपुढं काहीच येईना, म्हणून आमची वर्गखोली मोजली: २५ फूट लांब, २० फूट रुंद, १० फूट उंच. पाच हजार घनफूट. भागाकार करायला थोरली फळ्यापाशी गेली. एक टीएमसी म्हणजे अशा दोन लाख खोल्या. १०५ टीएमसी म्हणजे दोन कोटी दहा लाख खोल्या. आणि ही फक्त एका धरणाची गोष्ट.

ती खडू हातात घेऊन तशीच उभी राहिली. मागून कुणीतरी सहज म्हणालं, "एवढं पाणी एका माणसाच्यानं हलणार पण नाही." त्याला काही ठाऊक नव्हतं. थोरलीनं आकड्याखाली दोन रेघा ओढल्या, जागेवर जाऊन बसली आणि बाकावर डोकं टेकलं. मी तास पुढं चालू ठेवला.

त्या दिवशी वहीत तिनं नवा नियम लिहिला आणि वर्गानं तो न बोलता मान्य केला: "बेटावर जे होतं ते सगळं हुं नसतं. काही वेळा नुसता पाऊस असतो." मला स्वतःला जमिनीबद्दल इतकं नेमकं वाक्य सुचलं नसतं. वरच्या रानाचं पाणी, पूररेषेत बांधलेली घरं, धरणातून कधी आणि किती सोडलं, ही माणसांची कामं आहेत आणि त्यांचा जाब माणसांना विचारायला हवा. वर्गातल्या मुलांनी तो विचारलाही. पण आभाळातून किती कोसळलं हा कुणाच्या वागण्याचा निकाल नव्हता. ही दोन खाती वेगळी ठेवता आली नाहीत तर चूक नसलेलं मूलही स्वतःला दोष देत राहतं. थोरलीच्या आजीचं वाक्य प्रेमाचंच होतं. आपल्या घरोघरी ते म्हटलं जातं, मीही माझ्या मुलाला म्हटलेलं आहे. आता मी ते म्हणत नाही.

एप्रिल

निळा नकाशा फाडायचा नाही असं मुलांनी ठरवलं. तो पूर आलेल्या सालचा नकाशा म्हणून राहिला आणि नवा त्याच्या शेजारी लागला. नव्यात बेटाला उतार दाखवले होते, कुणाचं पाणी कुणाकडं जातं त्याचे बाण होते, निचऱ्याचे चर होते. थोरलीनं आपलं घर काढलं. शाळेच्या भिंतीवर २०१९ च्या पाण्याची रेघ आहे, तिथून पट्टीनं मापं घेऊन तिनं घराचं जोतं त्या रेघेच्या दोन फूट वर ठेवलं. गोठाही तेवढ्याच उंचीवर. गोठ्यात रेडकू.

शेवटच्या आठवड्यात तिनं घरी आजीला सगळं सांगितलं. काय बोलणं झालं ते मी विचारलं नाही. दुसऱ्या दिवशी नकाशावर तिच्या घराखाली, पाण्याच्या कडेला एक बाई वाकलेली दिसली. हातात सूप, सुपात खण आणि नारळ.

मी म्हणाले, "नदीला कान नाहीत असं आपलं ठरलंय ना? मग ओटी कशाला?"

"आज्जी म्हणते, ओटी काही मागायला भरत नाहीत," ती म्हणाली. "दारात बाई आली की भरतात." मग तिनं माझ्याकडून हिरवा खडू मागून घेतला आणि खण रंगवायला बसली.